विदुराची टोपी आणि सरकारची भीती

आज ज्या सिनेमाबद्दल बोलायचंय तो तुम्ही पाहिलेला नाही, मीही पाहिलेला नाही आणि यापुढे कुणाला पाहता येईल अशी आशाही फार नाही, कारण त्याची प्रत शिल्लक नाही. मूकपट होता, म्हणजे पडद्यावर कुणी एक शब्द बोललं नव्हतं. तरी सरकारला हा सिनेमा एवढा झोंबला की कराचीत आणि मद्रासमध्ये त्याच्यावर बंदी आली. साल होतं १९२१. सिनेमाचं नाव ‘भक्त विदुर’. भारतात बंदी आलेला पहिला सिनेमा म्हणून त्याचं नाव बरेचदा घेतलं जातं.

आता तुम्ही म्हणाल, पौराणिक सिनेमावर बंदी? त्यात काय होतं एवढं? तर त्यात एक टोपी होती. पांढरी, खादीची. आणि ती विदुराच्या डोक्यावर होती.

सुरुवात आपल्याच भागातून करू. मी माहीमला राहते. शितळादेवीच्या देवळापासून दादरकडे चालत निघालं तर माहीम कुठे संपतं आणि दादर कुठे सुरू होतं, हे मला आजवर नेमकं सांगता आलेलं नाही. शिवाजी पार्कचंच बघा. १९२५ साली महापालिकेनं ते मैदान खुलं केलं तेव्हा त्याचं नाव माहीम पार्क होतं. दोन वर्षांनी अवंतिकाबाई गोखल्यांच्या आग्रहामुळे त्याला शिवरायांचं नाव मिळालं. या अवंतिकाबाईंनीच गांधीजींचं मराठीत चरित्र लिहिलं होतं, आणि त्याला प्रस्तावना होती लोकमान्य टिळकांची. हे लक्षात ठेवा, पुढे लागेल.

तर या माहीम-दादरच्या पट्ट्यात मराठी माणसानं सिनेमा करायला घेतला. दादासाहेब फाळक्यांनी ‘राजा हरिश्चंद्र’चं शूटिंग दादरला केलं. तो ३ मे १९१३ रोजी गिरगावच्या कॉरोनेशनमध्ये लोकांसमोर आला. पाच-सहा वर्षांनी दादरलाच आणखी एका कंपनीचं नाव गाजायला लागलं. द्वारकादास संपत यांची कोहिनूर फिल्म कंपनी. कोहिनूर म्हटल्यावर तुमच्या डोळ्यांसमोर सेना भवनासमोरची मिल किंवा तिथला टॉवर येईल, पण ही ती नव्हे. ही सिनेमाची कंपनी. मूकपटांच्या काळातली मुंबईतली एक मोठी कंपनी. पुढे १९२४ साली ‘गुल-ए-बकावली’ काढून तिनं लोकांना वेड लावलं.

‘भक्त विदुर’चे दिग्दर्शक होते कांजीभाई राठोड. हे नाव आपल्याला शाळेत कुणी सांगितलं नाही. कांजीभाई आधी स्टिल फोटोग्राफर होते, आणि ते दलित समाजातून आलेले होते. आणि त्यांच्या सिनेमाचा नायक कोण? दासीपुत्र म्हणून ज्याला सिंहासनापासून लांब ठेवलं तो विदुर. विदुराचं काम कंपनीचे मालक द्वारकादास संपत यांनी स्वतः केलं. दुर्योधन झाले होमी मास्टर आणि कृष्ण झाले माणेकलाल पटेल.

आता विदुराची गोष्ट. आजीकडून ऐकलेली असेल, पण थोडी उजळणी करू, कारण सगळी गंमत त्यातच आहे.

धृतराष्ट्र, पंडू आणि विदुर हे तिघेही व्यासांपासून झालेले. म्हणजे भाऊच. पण विदुराची आई दासी. त्यामुळे आंधळा धृतराष्ट्र राजा होऊ शकला, आणि तिघांमधला सगळ्यात शहाणा विदुर झाला सल्लागार. सल्लागारही कसा? न विचारता खरं सांगणारा. दुर्योधन जन्माला आला तेव्हा अपशकुन झाले, तेव्हाही स्पष्ट बोलला तो हाच. पांडवांना लाक्षागृहात जाळायचा बेत शिजला तेव्हा धर्मराजाला आडून सावध करणारा हाच. द्यूत मांडू नका म्हणून सांगणारा हाच. आणि भर सभेत द्रौपदीला ओढत आणलं, भीष्म-द्रोण माना खाली घालून बसले, तेव्हा बोलायला उभा राहिलेलाही हाच.

या सगळ्याचं बक्षीस काय मिळालं? द्यूताच्या सभेत दुर्योधनानं त्याला फितूर ठरवलं. म्हणाला, तू आमचं खातोस आणि गुण शत्रूचे गातोस. तू मांडीवर घेतलेला साप आहेस, पोसणाऱ्यालाच ओरबाडणारं मांजर आहेस. नको असेल तर चालता हो. आपल्याकडे यासाठी अगदी नेमका शब्दप्रयोग आहे, खाल्ल्या मिठाला न जागणं.

इथे थोडं थांबू या. त्या सभेत मिठाला कोण जागत होतं? भीष्म जागत होते. पुढे युद्धाआधी धर्मराज आशीर्वाद मागायला गेला तेव्हा त्यांनीच कबूल केलं की कौरवांच्या पैशानं मी बांधला गेलोय. म्हणजे पितामह निष्ठावान, आणि विदुर गद्दार? की कुळाचा नाश होऊ नये म्हणून कटू बोलणारा विदुर निष्ठावान, आणि सगळं कळत असून गप्प बसलेले पितामह...? महाभारत या प्रश्नाचं सोपं उत्तर देत नाही. धृतराष्ट्रानं विदुराला एकदा हाकलून दिलं, तो वनात पांडवांकडे गेला. मग राजाला पश्चात्ताप झाला, त्यानं संजयाला पाठवलं, आणि विदुर परत आलासुद्धा. एवढा अपमान पोटात घालून आला. अशी त्याची निष्ठा. पण शेवटी, युद्ध तोंडावर आलं असताना पुन्हा शिव्या खाव्या लागल्या, तेव्हा त्यानं आपलं धनुष्य राजवाड्याच्या दारात ठेवलं आणि तीर्थयात्रेला निघून गेला. भागवतात हे आलंय. त्यानं शत्रूच्या बाजूनं तलवार उपसली नाही. नुसतं धनुष्य ठेवलं, आणि निघाला.

आता १९२१ मध्ये या.

गांधीजीही एके काळी साम्राज्याचे निष्ठावान सेवकच होते. बोअर युद्धात त्यांनी इंग्रजांसाठी जखमींना वाहून नेणारं पथक उभारलं. १९१८ साली खेडा जिल्ह्यात गावोगाव फिरून सैन्यात भरती व्हा म्हणून सांगितलं. मग १९१९ आलं. रौलट कायदा, आणि जालियनवाला बाग. १ ऑगस्ट १९२० रोजी त्यांनी सरकारनं दिलेलं कैसर-ए-हिंद पदक परत केलं आणि असहकार सुरू झाला. त्याच दिवशी पहाटे क्रॉफर्ड मार्केटजवळच्या सरदारगृहात टिळकांचं निधन झालं होतं, आणि गिरगाव चौपाटीवर माणसांचा समुद्र लोटला होता.

असहकार म्हणजे काय? पदव्या परत करा. सरकारी कोर्ट, शाळा, दरबार सोडा. विलायती कापड टाका. ३१ जुलै १९२१ रोजी आपल्या परळमध्ये, एका मिलच्या आवारात, विलायती कापडाची प्रचंड होळी झाली. थोडक्यात काय, तर तुमचं मीठ आम्हाला नको. धनुष्य दारात ठेवलं, निघालो.

अशा वातावरणात थिएटरमधले दिवे मालवतात आणि पडद्यावर विदुर येतो. बाकीचे मुकुट घातलेले, दागिन्यांनी मढलेले. आणि हा? अंगात खादीचा सदरा, डोक्यावर गांधीटोपी. मंडळी, कल्पना करा. शिट्ट्या, टाळ्या, ‘महात्मा गांधी की जय’ हे सगळं मी नुसत्या अंदाजानं म्हणतेय, पण १९२१ च्या मुंबईत अशा वेळी लोक हाताची घडी घालून बसले असतील असं तुम्हाला वाटतं का?

आणि मूकपट म्हणजे शांतता, असं समजू नका. पडद्यासमोर पेटी-तबला वाजायचा. संवादांच्या पाट्या यायच्या, एकाच पाटीवर दोन-तीन लिप्या असायच्या. ज्याला वाचता येई तो न येणाऱ्याला मोठ्यानं वाचून दाखवायचा. ‘भक्त विदुर’साठी तर खास संगीत बांधलं होतं आणि त्यात चरख्यावरचं एक गुजराती गाणं होतं, ते बरंच गाजलं. महाभारतात चरखा! म्हणजे टोपी योगायोगानं आली असं म्हणायची सोयच ठेवली नव्हती.

मराठी प्रेक्षकाला ही युक्ती नवीन नव्हती. कृष्णाजी प्रभाकर खाडिलकरांचं ‘कीचकवध’ १९०७ साली रंगभूमीवर आलं होतं. नाटक महाभारतातलं, पण कीचकात लोकांना लॉर्ड कर्झन दिसला आणि सैरंध्रीत भारतमाता. १९१० साली सरकारनं त्या नाटकावर बंदी घातली. पुराणातल्या सोंगाआडून राजकारण बोलायचं, ही आपली जुनी सवय. सिनेमानं ती उचलली. फरक इतकाच की नाटक मंडळी रेल्वेनं गावोगाव न्यावी लागते, सिनेमाचे डबे एका हमालाच्या डोक्यावरून जातात. मराठी न येणाऱ्या माणसालाही मूकपट कळतो. आणि गांधी कोण, हे तर अवंतिकाबाईंचं पुस्तक वाचलेल्यालाही ठाऊक होतं आणि अक्षर न ओळखणाऱ्यालाही.

सरकारनं तयारी केलेलीच होती. १९१८ साली सिनेमॅटोग्राफ कायदा झाला आणि १९२० मध्ये मुंबई, कलकत्ता, मद्रास आणि रंगून इथं सेन्सॉर बोर्डं बसली. मुंबईच्या बोर्डाचा अध्यक्ष कोण? पोलीस कमिशनर. म्हणजे सिनेमा हा कलेचा नाही, बंदोबस्ताचा विषय! शिवाय कायद्यात आणखी एक मेख होती. एका बोर्डाचा दाखला सगळीकडे चालायचा, पण जिल्हा मॅजिस्ट्रेटला वाटलं तर तो आपल्या हद्दीत खेळ थांबवू शकत होता. कराची तेव्हा मुंबई इलाख्यातच होती, सिंध वेगळा झाला तो १९३६ मध्ये. म्हणजे एकाच इलाख्यात एका शहरात सिनेमा चालू आणि दुसऱ्या शहरात बंद, असं होऊ शकत होतं.

कराचीच्या मॅजिस्ट्रेटनं बंदीसाठी कारण काय दिलं? या सिनेमामुळे सरकारविषयी अप्रीती निर्माण होईल आणि लोक असहकाराला प्रवृत्त होतील. हा ‘अप्रीती’ शब्द आता पकडून ठेवा, कारण माझ्या मते सगळी गोष्ट याच शब्दाभोवती फिरते.

हा शब्द राजद्रोहाच्या कलमातला. भारतीय दंड संहितेचं कलम १२४ अ, हे १८७० साली आलं. इंग्रजीत शब्द आहे ‘डिसअफेक्शन’. याचा अर्थ काय, यावर १८९७ साली मुंबई हायकोर्टात, टिळकांच्या पहिल्या राजद्रोह खटल्यात, काथ्याकूट झाला. न्यायमूर्ती स्ट्रॅची यांनी ज्युरीला सांगितलं की याचा अर्थ सरळ आहे, प्रीतीचा अभाव. म्हणजे तुम्ही सरकारचा द्वेष करायलाच हवा असं नाही, सरकारवर प्रेम नसेल तरी पुरे! टिळकांना अठरा महिन्यांची शिक्षा झाली. लगेच पुढच्या वर्षी कलमात दुरुस्ती करून स्पष्टच लिहिलं की अप्रीतीमध्ये राजनिष्ठेचा अभावही येतो. १९०८ साली याच कलमाखाली टिळकांना सहा वर्षं मंडालेला धाडलं, तेव्हा परळ-लालबागच्या गिरण्यांमधले कामगार सहा दिवस कामावर गेले नाहीत. एका वर्षाच्या शिक्षेला एक दिवस.

म्हणजे या कायद्याच्या दृष्टीनं निष्ठा ही भावना होती, आणि ती भावना बाळगणं सक्तीचं होतं. हे वाचल्यावर मला आठवली ती विदुराच्या घरच्या जेवणाची गोष्ट. विदुराघरच्या कण्या. मराठी घरात वाढलेल्या कुणालाही हे शब्द परके नाहीत. कृष्ण शिष्टाईसाठी हस्तिनापुरात येतो. दुर्योधनानं मोठी मेजवानी मांडलेली असते. कृष्ण नाही म्हणतो आणि विदुराकडे जेवायला जातो.

पण कृष्ण नकाराचं कारण काय देतो, हे आपण सहसा सांगत नाही. ते महाभारताच्या उद्योगपर्वात आहे. तो म्हणतो, दुसऱ्याच्या घरी माणूस दोनच कारणांनी जेवतो. एक तर प्रीती असते म्हणून, नाही तर स्वतःवर आपत्ती आलेली असते म्हणून. तुझी माझ्यावर प्रीती नाही, आणि माझ्यावर आपत्ती आलेली नाही.

बघा, शब्द तोच. प्रीती. ती असेल तर कण्याही गोड, नसेल तर पंचपक्वान्नंही नकोत. प्रीती नसताना जेवायला बसणं ही कृष्णाच्या लेखी निष्ठा नव्हे, ती लाचारी. आणि न जेवणं हा द्रोह नव्हे. सिनेमात हा प्रसंग कसा घेतला होता ते बघायला आज रीळ नाही. पण थिएटरात बसलेल्या माणसाला तो प्रसंग तोंडपाठ होता, त्याला दाखवायची गरज नव्हती. टोपी दिसली की बाकीचं त्याचं तो जोडून घेणार. त्याच वर्षी, १७ नोव्हेंबर १९२१ रोजी, इंग्लंडचे युवराज मुंबईत उतरले. काँग्रेसनं स्वागतावर बहिष्कार टाकला. दुर्योधनाची मेजवानी नाकारली म्हणा ना. त्या दिवशी आणि पुढचे काही दिवस शहरात दंगली उसळल्या, माणसं मेली. गांधीजींनी उपवास केला. तेव्हा असहकाराची ही गोष्ट सगळी सोवळी होती असं मी म्हणणार नाही. स्वागताला गेलेल्या लोकांनाच फितूर ठरवून झोडपण्यात आलं. म्हणजे ज्यांनी विदुराच्या बाजूनं टाळ्या वाजवल्या असतील, त्यांच्यातल्याच काहींनी रस्त्यावर येऊन दुर्योधनाची भाषा वापरली असेल. हेही सांगायलाच हवं.

चार महिन्यांनी, १८ मार्च १९२२ रोजी, अहमदाबादला गांधीजींवर तेच कलम १२४ अ लागलं. त्यांनी गुन्हा कबूल केला आणि न्यायाधीशांना जे सांगितलं त्याचा आशय असा होता की प्रीती ही कायद्यानं तयार होत नाही किंवा तिचं नियमनही करता येत नाही. न्यायमूर्ती ब्रूमफील्ड यांनी अदबीनं सहा वर्षांची शिक्षा सुनावली. हस्तिनापुरातली मेजवानी, मुंबई हायकोर्ट, कराचीचा बंदीहुकूम आणि अहमदाबादचं कोर्ट. चारही ठिकाणी वाद एकच. प्रीती मागून मिळते का?

माझं मत सांगते. ‘भक्त विदुर’मध्ये सरकारला जे झोंबलं ते बंड नव्हतं. विदुर बंड करतच नाही! तो शेवटपर्यंत राजाच्या भल्याचंच बोलतो. सरकारला जड गेला तो हाच माणूस. उघड शत्रूला तोफ दाखवता येते. पण वर्षानुवर्षं तुमच्यासाठी राबलेला, तुमचं भलं चिंतणारा माणूस एके दिवशी धनुष्य दारात ठेवून निघतो, तेव्हा बघणाऱ्याला एकच प्रश्न पडतो. चूक कुणाची? आणि हा प्रश्न प्रेक्षकाच्या डोक्यात येऊ नये, यासाठी बंदी.

आता कुणी म्हणेल, शंभर वर्षांपूर्वीचं काय घेऊन बसलात? तर कायद्याचंच आधी बघा. ११ मे २०२२ रोजी सुप्रीम कोर्टानं कलम १२४ अ चा वापर स्थगित ठेवायला सांगितलं. १ जुलै २०२४ पासून नवी न्याय संहिता लागू झाली, तिच्यात ‘राजद्रोह’ हा शब्द नाही. कलम १५२ मध्ये आता देशाचं सार्वभौमत्व, एकता आणि अखंडता धोक्यात आणण्याची भाषा आहे. त्याचा अर्थ कसा लावायचा यावर वकील मंडळी वाद घालतायत, तो आपल्या आजच्या भागाचा विषय नाही.

मला कायद्यापेक्षा जवळचं काहीतरी दिसतं. माहीममध्ये जुन्या चाळींची, इमारतींची रिडेव्हलपमेंट जोरात चालू आहे. अशा मीटिंगांना मी बसलेली आहे. सगळे माना डोलावत असतात, आणि मागच्या खुर्चीवरून एखाद्या काकू विचारतात, अहो, कराराची प्रत आम्हाला वाचायला कधी मिळणार? भाडं किती महिन्यांचं, ते लिहून दिलंय का? लगेच कुजबुज सुरू. ‘यांना इमारत व्हायलाच नकोय.’ ‘दुसऱ्या बिल्डरनं पाठवलं असेल.’ व्हॉट्सअॅप ग्रुपवर रात्रीपर्यंत त्या काकू फितूर झालेल्या असतात. खरं तर करार वाचायला मागणारी ती एकटी बाई इमारतीशी सगळ्यात जास्त निष्ठावान असते. कारण उद्या काही बिनसलं तर छप्पर सगळ्यांचंच जाणार. ऑफिसात, कॉलेजच्या ग्रुपमध्ये, घरातसुद्धा हेच. हो म्हणणारा आपला, विचारणारा परका. दुर्योधनानं घालून दिलेला हिशोब, आपण तो अजून वापरतोय.

म्हणून पुढच्या वेळी कुणाला ‘गद्दार’ म्हणून मेसेज पुढे ढकलण्याआधी एवढंच बघा. हा माणूस आपलं नुकसान करतोय, की आपल्याला न आवडणारं काहीतरी सांगतोय? दोन्ही वेगळं आहे, आणि आपल्याला ते ओळखता येतं.

शेवटी सिनेमाविषयी. मूकपटांच्या काळात भारतात साधारण तेराशे सिनेमे झाले असं धरलं जातं. त्यातले आज मोजकेच, तेही अनेकदा तुकड्यातुकड्यांत, शिल्लक आहेत. ती रिळं नायट्रेटची असायची, पटकन पेट घ्यायची, नाही तर डब्यातच कुजायची. आणि काही रिळं तर त्यातल्या चांदीसाठी विकली गेली. ‘भक्त विदुर’ही असाच गेला. त्याला मारलं ते बंदीनं नव्हे, आपल्या हेळसांडीनं. बंदीमुळे उलट त्याचं नाव राहिलं. आज तो आपल्याला माहीत आहे तो मुख्यतः सरकारी आक्षेपामुळे. ज्यांनी तो लोकांना दिसू नये म्हणून धडपड केली, त्यांच्याच कागदांनी त्याची आठवण जपली.

तुमच्या घरी आजी-आजोबांकडे जुनी सिनेमाची जाहिरात, गाण्यांची चोपडी, थिएटरचं तिकीट असं काही पडलेलं असेल तर रद्दीत घालू नका. नीट फोटो काढून ठेवा, मागे साल आणि नाव लिहा. आणि आजी असतील तर विदुराघरच्या कण्यांची गोष्ट त्यांच्या तोंडून एकदा रेकॉर्ड करून घ्या. फोन हातात आहेच.